अंगुलिमालाच्या माळेतील बोटे : रिथी पान्ह यांच्या अनुबोधपटांचा एक विचार

मज्झिम निकायातील अंगुलिमाल सुत्त आपल्या सर्वांच्या परिचयाचे आहे. कोसल देशातील एक दरोडेखोर माणसे मारतो, मारलेल्यांच्या बोटांची माळ गळ्यात घालतो आणि भगवंतांच्या भेटीनंतर शस्त्र टाकून भिक्षू होतो. प्रवचनांतून ही कथा परिवर्तनाचा परमोच्च दृष्टांत म्हणून सांगितली जाते व ते योग्यच आहे. परंतु सुत्त वाचताना एक प्रश्न मनात येतो आणि त्याला सुत्तात उत्तर मिळत नाही. ती बोटे कोणाची होती? त्या माणसांची नावे काय होती, त्यांच्या मागे कोण रडले, याविषयी सुत्त मौन बाळगते. पुढे भिक्षाटनाला गेलेल्या अंगुलिमालावर दगड, काठ्या येऊन पडतात, त्याचे डोके फुटते, पात्र भंगते, चीवर फाटते. दगड मारणारे हात कोणाचे, हेही सांगितलेले नाही. सुत्ताचा विषय अंगुलिमालाची मुक्ती हा असल्याने हे मौन दोषास्पद मानण्याचे कारण नाही. तथापि हा प्रश्न शिल्लक राहतोच, आणि आमच्या मते कंबोडियाचे चित्रपटकार रिथी पान्ह यांनी तीन दशकांहून अधिक काळ तोच प्रश्न आपल्या अनुबोधपटांतून विचारला आहे.

अभ्यासपत्रिकेत चित्रपटाविषयी लिहिण्याचा प्रघात नाही, याची आम्हांस जाणीव आहे. परंतु थेरवादी परंपरेच्या एका प्राचीन देशात १९७५ ते १९७९ या काळात जे घडले, ते समजून घेण्याचे इतके प्रामाणिक साधन आम्हांस अन्यत्र क्वचितच आढळले. म्हणून हा लेखनप्रपंच.

अंगकार आणि शांतिपाल

१७ एप्रिल १९७५ रोजी ख्मेर रूजच्या सैन्याने फ्नोम पेन्ह नगरात प्रवेश केला आणि सारे नगर रिकामे केले. ७ जानेवारी १९७९ रोजी ही राजवट कोसळली. या पावणेचार वर्षांच्या आत उपासमार, अतिश्रम, रोग आणि वध यांमुळे मृत्यू पावलेल्यांची संख्या अभ्यासक १७ ते २० लाख मानतात. देशाची लोकसंख्या त्या वेळी ८० लाखांच्या आसपास होती. भिक्षूंची चीवरे उतरविण्यात आली, विहारांची कोठारे व तुरुंग झाले, ताडपत्रावरील पोथ्या नष्ट झाल्या.

पालीच्या अभ्यासकाला या इतिहासात आणखी एक गोष्ट अस्वस्थ करते. ख्मेर भाषेतील गंभीर शब्दसंपदा पाली-संस्कृतातून आलेली आहे. सत्ताधारी पक्ष स्वतःस 'अंगकार' म्हणवीत असे. त्याचा अर्थ संघटना, व मुळाशी आपलेच 'अंग' व 'कार'. पक्षाचा अधिकारी 'कम्माभिपाल' होता, म्हणजे कर्माचा पालक. आणि ज्या गुप्त पोलीस यंत्रणेने तुओल स्लेंग येथील शाळेचे 'एस-२१' नामक वधगृहात रूपांतर केले तिचे नाव 'संतिपाल', म्हणजे शांतीचा रक्षक. पोल पॉट बालपणी काही काळ फ्नोम पेन्हच्या एका विहारात राहिला होता. धम्माची भाषा ज्यांना ठाऊक होती त्यांनीच तिची कवचे वापरली व गाभा फेकून दिला. शब्द पवित्र असले म्हणून कृत्य पवित्र होत नाही, हा धडा कोणत्याही धम्मसंस्थेने विसरू नये असा आहे.

रिथी पान्ह यांचा जन्म १९६४ चा. नगर रिकामे झाले तेव्हा ते बालक होते. वडील शिक्षण खात्यातील अधिकारी होते. सक्तीच्या श्रमछावणीत, जनावरांसाठी योग्य असे अन्न आपण खाणार नाही, असे ठरवून त्या गृहस्थाने अन्न सोडले आणि ते मरण पावले. नंतर आई, बहिणी, भाचरे एकामागून एक गेली. १९७९ मध्ये हा मुलगा सीमा ओलांडून थायलंडमधील निर्वासित छावणीत पोहोचला, तेथून फ्रान्सला गेला, सुतारकाम शिकला आणि पुढे पॅरिसच्या चित्रपट शिक्षणसंस्थेत दाखल झाला. त्यांचा पहिला अनुबोधपट 'साइट टू' १९८९ साली आला. थाई सीमेवरील छावणीत राहणाऱ्या एका स्त्रीचे कथन हाच त्याचा विषय आहे. हजारो निर्वासितांमधून एक स्त्री निवडायची, तिला बोलू द्यायचे आणि मध्येमध्ये बोलायचे नाही, ही त्यांची पद्धती येथेच दिसते.

एका नावाचा पुनर्जन्म

१९९६ साली आलेला 'बोफाना : एक कंबोडियन शोकांतिका' हा सुमारे तासाभराचा अनुबोधपट आम्ही पान्ह यांच्या कार्याचा खरा आरंभबिंदू मानतो. हूत बोफाना ही सुशिक्षित तरुणी आणि तिचा पती ली सिथा यांची ही कथा. सिथा एकेकाळी भिक्षू राहिलेला व नंतर ख्मेर रूजच्या पक्षात गेलेला. ताटातुटीच्या काळात दोघांनी एकमेकांना प्रेमपत्रे लिहिली. ख्मेर रामायणातील सीतेच्या, म्हणजे 'सेदा'च्या, नावाने बोफाना आपल्या पत्रांवर सही करी. प्रेमपत्र हा अंगकाराच्या दृष्टीने गुन्हाच होता. दोघांनाही एस-२१ मध्ये आणण्यात आले, यातना देऊन 'कबुलीजबाब' लिहून घेण्यात आले आणि मार्च १९७७ मध्ये त्यांचा वध झाला. पत्रे मात्र पुरावा म्हणून फाइलीत जपून ठेवली गेली. अमेरिकन पत्रकार एलिझाबेथ बेकर यांनी १९८६ च्या आपल्या ग्रंथात ही कथा प्रथम जगापुढे आणली.

एस-२१ मध्ये १२ हजारांहून अधिक, काहींच्या मते १८ हजारांपर्यंत, माणसे नेली गेली आणि मोजकीच वाचली. या संख्या ऐकल्यावर मन बधिर होते. संख्येला करुणा चिकटत नाही. करुणेला चेहरा लागतो. पान्ह यांनी हजारो छायाचित्रांमधून एक चेहरा उचलला व त्याला त्याचे नाव, त्याचा हट्ट, त्याचे प्रेम परत दिले. ख्मेर रूजच्या परिभाषेत वधासाठी जो शब्द होता त्याचा अर्थ 'भुकटी करणे' असा आहे. मारणे त्यांना पुरेसे नव्हते. माणूस होता याची खूणही उरू नये, हा हेतू होता. अशा हेतूविरुद्ध एका नावाचा उच्चार हीच प्रतिकाराची कृती ठरते. २००६ साली पान्ह यांनी सहकाऱ्यांसह फ्नोम पेन्ह येथे दृकश्राव्य अभिलेखागार स्थापन केले, त्यालाही 'बोफाना' हेच नाव दिले. देशाची विखुरलेली चित्रस्मृती तेथे गोळा केली जाते आणि तरुणांना चित्रपटकलेचे शिक्षणही दिले जाते.

उंबरठ्यावरचा कॅमेरा

'बोफाना'च्या चित्रीकरणात योजनेबाहेरची एक घटना घडली. एस-२१ मधून वाचलेले चित्रकार वान नाथ आणि त्याच तुरुंगातील एक माजी पहारेकरी यांची तेथे गाठ पडली. नाथ यांनी त्या माणसाच्या खांद्यावर हात ठेवला, त्याला आपल्या चित्रांपुढे नेले आणि यात काही अतिशयोक्ती आहे काय, असे विचारले. पहारेकऱ्याने चित्रे खरी असल्याचे मान्य केले. या एका प्रसंगातून 'एस-२१ : ख्मेर रूजचे मारणयंत्र' (२००३) या पान्ह यांच्या सर्वश्रेष्ठ कृतीचा जन्म झाला.

चित्रपटाच्या आरंभी हा पहारेकरी आपल्या खेड्यातील घरी दिसतो. त्याचे डोके दुखते, जेवण जात नाही. वृद्ध आईवडील त्याला सांगतात की, सत्य सांग, मग मृतांसाठी विधी कर, म्हणजे हे पाप पुढे चालणार नाही. निरक्षर म्हणता येईल अशा त्या शेतकरी दांपत्याच्या तोंडून विनयाचा एक मूलभूत नियमच बोलत असतो. आपत्ती आधी उघड करावी, मग शुद्धी. विनयातील सात अधिकरणसमथांपैकी पटिञ्ञातकरण हे हेच सांगते की दोषी व्यक्तीने स्वतः मान्य केलेल्या गोष्टीनुसारच कार्यवाही व्हावी. एस-२१ मध्ये याच्या नेमके उलट घडत होते. न केलेल्या गुन्ह्याची कबुली मारून वदवून घेतली जात होती आणि केलेल्या वधाची कबुली देणारा कोणी नव्हता. पान्ह यांचा चित्रपट ही उलटी मांडणी पुन्हा सुलटी करतो.

हे ते कसे साधतात? ते माजी पहारेकऱ्यांना जुन्या खोल्यांत परत आणतात आणि पूर्वी काय करीत होतात ते दाखवा, एवढेच सांगतात. बालवयातच भरती झालेला एक पहारेकरी, आता प्रौढ, रिकाम्या दालनापुढे उभा राहतो. तो नसलेले कुलूप उघडतो, नसलेल्या कैद्यांच्या साखळ्या तपासतो, एकाला दरडावतो, दुसऱ्याला पाणी नेऊन देतो, दार लावतो. बोलताना अडखळणारे त्याचे शरीर या हालचाली मात्र बिनचूक करते. येथे पान्ह यांचा कॅमेरा दालनात शिरत नाही. तो उंबरठ्यावर थांबतो. जमिनीवर कैदी झोपलेले आहेत, आत गेलो तर त्यांच्या अंगावर पाय पडेल, अशी त्यामागील भावना पान्ह यांनी सांगितलेली आहे. पंचवीस वर्षांपूर्वी मेलेल्या माणसांवर पाय पडू नये म्हणून थांबणारा कॅमेरा हे चित्रपटकलेतील शीलाचे उदाहरण होय. एवढ्या एका निर्णयावरून या दिग्दर्शकाची योग्यता आमच्या मते सिद्ध होते.

अभिधम्माच्या अभ्यासकासही हे दृश्य विचारप्रवृत्त करते. चेतना म्हणजेच कर्म, असे बुद्धवचन आहे. हे पहारेकरी म्हणतात की आम्ही आज्ञा पाळली, न पाळती तर आम्हीही मारले गेलो असतो, म्हणून आम्हीही बळीच. त्यावर नाथ शांतपणे विचारतात की तुम्ही बळी, तर मग येथे मेलेले कोण? भीती ही चेतनेला झाकोळते, पण ती चेतनेचा अभाव नव्हे. चित्रपट पहारेकऱ्यांना राक्षस ठरवीत नाही व निर्दोषही ठरवीत नाही. नाथ यांच्या आवाजात वैर नाही. तरीही अ-वैर म्हणजे विस्मरण, असा सोयीचा अर्थ ते कोणास लावू देत नाहीत. धम्मपदातील अ-वैराच्या शिकवणीचे आपल्याकडे पुष्कळदा असे सुलभीकरण होते, म्हणून हा भेद आम्ही मुद्दाम नोंदवितो. नाथ यांनी व त्या पहारेकऱ्याने २००९ साली आंतरराष्ट्रीय साहाय्याने चाललेल्या न्यायालयात साक्ष दिली. नाथ २०११ मध्ये निवर्तले.

एक उणीव

'डोइक : नरकाच्या भट्टीचा स्वामी' (२०११) या अनुबोधपटाविषयी आमचे मत इतके अनुकूल नाही. एस-२१ चा प्रमुख काइंग गेक इआव ऊर्फ डोइक याच्या तुरुंगातील दीर्घ मुलाखतींवर तो आधारलेला आहे. पूर्वी शिक्षक असलेला हा मनुष्य १९९० च्या दशकात ख्रिस्ती झाला होता. न्यायालयाने त्याला २०१० मध्ये ३५ वर्षांची व अपिलात २०१२ मध्ये जन्मठेपेची शिक्षा दिली. २०२० मध्ये तो मरण पावला. टेबलापाशी बसून, चष्मा लावून, स्वतःच्या हस्ताक्षरातील शेऱ्यांची पाने उलटीत तो बोलतो. मध्येच हसतो. पान्ह अधूनमधून पहारेकऱ्यांच्या साक्षी व जुनी दृश्ये त्यापुढे ठेवतात. तरीही समोर नाथ नाहीत. दीड तासाहून अधिक काळ एक चतुर माणूस आपली बाजू लावीत राहतो आणि प्रेक्षक हळूहळू त्याच्या बुद्धीचा श्रोता बनतो. अंगुलिमालाला 'मी थांबलो आहे, तू थांब' या आशयाचे सांगणारा कोणी भेटला होता. डोइकला या चित्रपटात तसा कोणी भेटत नाही, आणि तो थांबतही नाही. पान्ह यांनाही ही उणीव जाणवली असावी. कारण २०१२ साली क्रिस्तोफ बाताय यांच्या सहकार्याने लिहिलेल्या ग्रंथात त्यांनी डोइकच्या कथनाशेजारी प्रथमच आपल्या स्वतःच्या कुटुंबाची कथा मांडली. जल्लादाला उत्तर द्यायचे तर आपला बाप, आपली आई यांना बोलवावे लागेल, हे त्यांना उमगले.

मातीची माणसे

त्यातूनच 'हरवलेले चित्र' (२०१३) निर्माण झाले. ख्मेर रूजच्या काळातील जे चलच्चित्रण उपलब्ध आहे ते बहुतांशी त्यांनीच केलेले, प्रचाराचे. उपासमारीचे, छळाचे, पान्ह यांच्या घराचे चित्र कोठेच नाही. म्हणून सारिथ मांग या कारागिराकडून त्यांनी मातीच्या शेकडो लहान बाहुल्या घडवून घेतल्या, रंगवून घेतल्या आणि त्यांच्या साहाय्याने छावणी उभी केली. या बाहुल्या हलत नाहीत, केवळ कॅमेरा त्यांच्यामधून फिरतो. सुरुवातीस रंगीबेरंगी कपड्यांतील माणसे दिसतात, मग सर्वांच्या अंगावर काळे कपडे येतात, मग शरीरे झिजत जातात. वडिलांची बाहुली मात्र पांढऱ्या पोशाखात लक्षात राहते.

या चित्रपटातील एक प्रसंग आम्ही विसरू शकत नाही. वडिलांना विधिवत निरोप मिळाला नाही. त्या रात्री आई मुलाला सांगते की, त्यांची अंत्ययात्रा खरे तर कशी निघाली असती, कोण आले असते, काय केले गेले असते. प्रेत नेले गेले आहे, भिक्षू उरले नाहीत, अन्न नाही, तेव्हा शब्दांनीच अंत्यसंस्कार होतो. आमच्या मते पान्ह यांची सारी चित्रपटकला म्हणजे आईने त्या रात्री सुरू केलेल्या या संस्काराचे पुढे चालू राहणे होय. माती हा पदार्थही येथे सहज आलेला नाही. पथवीधातूचे चिंतन करणाऱ्या परंपरेत वाढलेल्या माणसाने, ज्या शेतमातीत आपले आप्त मिसळले तिच्याच जातीच्या मातीतून त्यांना पुन्हा घडविले आहे. या चित्रपटाला कान महोत्सवात 'अं सर्तां रगार' विभागाचा सर्वोच्च पुरस्कार लाभला आणि ऑस्करच्या अंतिम नामांकनापर्यंत पोहोचणारा तो कंबोडियाचा पहिला चित्रपट ठरला.

नाव नसलेल्या कबरी

'नामहीन कबरी' (२०१८) या चित्रपटाविषयी आमच्या वाचकांना अडचण वाटण्याचा संभव आहे. आरंभीच पान्ह स्वतः मुंडन करवून घेताना दिसतात. पुढे ते आप्तांच्या कबरी शोधीत ग्रामीण भागात हिंडतात, वृद्ध शेतकऱ्यांकडून त्या काळाच्या आठवणी ऐकतात आणि मृतात्म्यांशी बोलणाऱ्या माध्यम-व्यक्तींच्या विधींतही बसतात. ज्या बौद्धांनी ऑक्टोबर १९५६ मध्ये नागपूर येथे बाबासाहेबांकडून २२ प्रतिज्ञा घेतल्या, त्यांत श्राद्ध व पिंडदान न करण्याची प्रतिज्ञा आहे. त्यांच्या वारसांनी हे दृश्य कसे पाहावे?

आम्ही हा प्रश्न टाळू इच्छित नाही. मृताने जिवंताच्या मुखातून बोलणे यास त्रिपिटकातील पत्तिदानाच्या कल्पनेत आधार नाही. ती ख्मेर लोकांची स्थानिक परंपरा आहे. खुद्दकपाठातील तिरोकुड्ड सुत्तात भिंतींबाहेर, चव्हाट्यावर, दाराशी येऊन उभ्या राहणाऱ्या दिवंगत आप्तांचे वर्णन आहे, आणि त्यांच्या नावे संघाला दान करावे, असे त्यात सांगितले आहे. कंबोडियात भाद्रपदाच्या कृष्ण पक्षात येणारा 'फ्चुम बेन' हा सण याच भावनेवर उभा आहे. भारतात श्राद्ध ही पुरोहिताची मिरास आणि वर्णव्यवस्थेचे साधन बनली होती, म्हणून बाबासाहेबांनी ती नाकारली. कंबोडियात मृतांचे स्मरण करण्याचा हक्कच सत्तेने हिरावून घेतला होता. एका देशात विधी नाकारणे ही मुक्तीची कृती होती, दुसऱ्या देशात विधी करता येणे ही मुक्तीची कृती आहे. संदर्भ लक्षात न घेता एकाच मापाने दोहोंस मोजणे हे विभज्जवादी दृष्टीस शोभणारे नाही.

शिवाय चित्रपट काय सिद्ध करतो तेही पाहावे. माध्यम-व्यक्ती बोलतात, हावभाव करतात, परंतु निश्चित अशी कबर हाती लागत नाही. पान्ह कोणताही चमत्कार पदरात पाडून घेत नाहीत. त्यांच्या हाती उरतात काही छायाचित्रे, थोडी माती आणि शेजारी बसलेली माणसे. किसा गोतमीला ज्या घरी कोणी मेलेले नाही अशा घरची मोहरी मिळाली नाही. त्या न मिळण्यातच तिला सत्य मिळाले. पान्ह यांच्या शोधाचीही जात हीच आहे, असे आम्हांस वाटते.

याच्या उलट 'विकिरणित' (२०२०) या चित्रपटात पडद्याचे तीन भाग करून हिरोशिमा, नाझी छळछावण्या व कंबोडिया येथील प्रेतांची दृश्ये सलग दाखविली आहेत. बर्लिन महोत्सवात तो सन्मानित झाला. तथापि येथे आमची निराशा झाली. ज्यांनी आयुष्यभर ढिगाऱ्यातून एकेक माणूस वेगळा काढला, त्यांनी येथे माणसे पुन्हा ढिगाऱ्यात टाकली. शोक सार्वत्रिक आहे हे खरे, पण तो प्रत्येक वेळी कोणाचा तरी असतो.

उपसंहार

पान्ह यांनी कथापटही केले आहेत. १९९४ चा 'भाताची माणसे' आणि २०२४ चा पोल पॉटच्या भेटीवरील चित्रपट ही त्यांची दोन टोके होत. त्यांचा विचार स्वतंत्रपणे व्हावयास हवा. प्रस्तुत लेखापुरते आमचे म्हणणे इतकेच की व्यक्तीची लहानशी, घरगुती कथा सांगणे हा इतिहासापासून पळण्याचा मार्ग नसून इतिहासाला उत्तरदायी करण्याचा मार्ग असू शकतो, हे या चित्रपटकाराने दाखवून दिले.

अनात्मवाद शिकविणाऱ्या आम्हां मंडळींना कधीकधी असा भ्रम होतो की, व्यक्ती ही शेवटी स्कंधांचा समुच्चय असल्याने तिच्या नावागावाला फारसे महत्त्व नाही. तुओल स्लेंगच्या व्यवस्थापकांनाही व्यक्ती महत्त्वाची वाटत नव्हती. दोहोंतील अंतर फार मोठे आहे आणि ते अंतर करुणेचे आहे. थेरीगाथेत बहुतेक थेरींची नावे जपली गेली आहेत. ज्यांनी 'मी'चा मोह सोडला त्यांच्यापैकीही बहुतेकांची नावे संघाने हरवू दिली नाहीत. अंगुलिमाल सुत्त यापुढे शिकविताना आम्ही विद्यार्थ्यांना क्षणभर थांबवून ती बोटे कोणाची होती, असे विचारणार आहोत. उत्तर मिळणार नाही. परंतु तो प्रश्न विचारल्यावाचून अंगुलिमालाच्या मुक्तीचे मोलही कळणार नाही, अशी आमची धारणा झाली आहे. ती या चित्रपटांमुळे झाली, हे कृतज्ञतापूर्वक नमूद करून आम्ही हा लेख येथे पूर्ण करतो.